साडीचोळी की सातबारा?

श्रीमंतांच्या लेकीसुनांचा पोशाख हा लोकांच्या चर्चेचा विषय व्हावा यात नवे काही नाही. मुंबईच्या एखाद्या उद्योगपतीच्या कन्येचे लग्न ठरले, की तिने हळदीला काय नेसले, मांडवात कोणता हार घातला आणि तिच्या शालूला किती कारागीर किती महिने खपले, याची बित्तंबातमी दुसऱ्या दिवशी परभणीच्या कापडदुकानांत पोचते. आणि तिसऱ्या दिवशी त्याच धर्तीची साडी दर्शनी फळीवर टांगलेली दिसते. आमच्या व्यापाऱ्यांची ही तत्परता वाखाणण्यासारखी आहे. गिऱ्हाइकाला जे हवे ते देणे हा त्यांचा धंदाच होय, आणि चांगले नेसावे, चांगले दिसावे ही इच्छा पाप आहे असे म्हणणाऱ्यांपैकी आम्ही नाही. परंतु या साऱ्या चर्चेत एक प्रश्न कोणी विचारीत नाही, आणि वकिलीची सनद घेतलेल्या माणसास नेमका तोच प्रश्न सुचतो. या कन्येच्या अंगावर काय आहे, हे सर्वांनी पाहिले. तिच्या नावावर काय आहे?

हा प्रश्न किती महत्त्वाचा आहे हे ध्यानात येण्यासाठी आम्ही वाचकांस एका मराठी राजकन्येची हकीकत सांगतो. बडोद्याचे सयाजीराव गायकवाड यांच्या व महाराणी चिमणाबाई (दुसऱ्या) यांच्या कन्या इंदिराराजे यांचा जन्म १८९२ सालचा. हे घर सामान्य संस्थानिकाचे घर नव्हते. ज्या संस्थानात बालविवाहास प्रतिबंध करणारा कायदा १९०४ साली झाला आणि १९०६ साली प्राथमिक शिक्षण सक्तीचे झाले, त्या संस्थानची ही कन्या. तिच्या आईने हिंदी स्त्रियांच्या स्थितीवर इंग्रजीत ग्रंथ लिहिण्यात भाग घेतला, तो १९११ साली प्रसिद्ध झाला. पुढे १९२७ साली पुण्यास अखिल भारतीय महिला परिषदेचे पहिले अधिवेशन भरले, त्याचे अध्यक्षस्थान याच माउलीने भूषविले. अशा घरातील मुलगी महाविद्यालयात शिकली यात नवल नव्हते. नवल पुढेच आहे.

इंदिराराजेंचा विवाह ग्वाल्हेरचे माधवराव शिंदे यांच्याशी ठरला होता. शिंदे वयाने पुष्कळ मोठे, आणि घरात पहिली पत्नी हयात. १९११ च्या डिसेंबरात दिल्लीस बादशहाचा दरबार भरला. त्या दरबारात सयाजीरावांनी पंचम जॉर्ज बादशहास मुजरा करताना रिवाज पाळला नाही, पाठ फिरवून ते परतले, असा बोभाटा झाला व इंग्रजी वृत्तपत्रांनी त्यांच्यावर आग पाखडली. बापाचा ताठ कणा साऱ्या देशाने पाहिला. परंतु त्याच दिल्लीत लेकीचाही कणा ताठ होत होता. कूचबिहारचे राजपुत्र जितेंद्रनारायण यांची व तिची तेथे ओळख झाली. आणि ग्वाल्हेरशी झालेली सोयरीक आपणास मान्य नाही, असे पत्र तिने आईबापांस न विचारता थेट शिंद्यांस लिहिले. बादशहापुढे न वाकणारे सयाजीराव लेकीच्या या पत्राने मात्र हादरले. पुष्कळ विरोध झाला. अखेर १९१३ साली लंडनमध्ये तो विवाह झाला, तेव्हा वधूचे आईबाप तेथे नव्हते.

पुढे इंदिरादेवी कूचबिहारच्या महाराणी झाल्या आणि युरोपातील उच्चभ्रू समाजात त्यांचे नाव गाजू लागले. फ्रान्समध्ये विणलेले तलम शिफॉन नऊवारी नव्हे तर पाचवारी साडीच्या रूपाने नेसण्याची चाल राजघराण्यांत रूढ करण्याचे श्रेय त्यांना दिले जाते. इटलीचा प्रख्यात पादत्राणकार साल्व्हातोरे फेरागामो याने आपल्या आत्मवृत्तात त्यांच्या मागणीची हकीकत नोंदविली आहे. एका वेळी शंभर जोड, आणि त्यांतील काहींवर जडविण्यासाठी महाराणींच्या स्वतःच्या पेटीतील मोती व हिरे! राष्ट्रीय बाण्याच्या आमच्यासारख्या माणसास येथे एक गोष्ट सलल्यावाचून राहत नाही. ज्या दशकांत या देशात विलायती कापडाच्या होळ्या पेटत होत्या आणि परभणी, सेलू, मानवतचा कापूस रेल्वेने मनमाडमार्गे मुंबईकडे जात होता, त्याच दशकांत आमच्या राजघराण्यांचे अंग फ्रेंच मागावरच्या वस्त्राने झाकले जात होते. कापूस पिकविणारा उघडा आणि राजा परदेशी कापडात, ही विसंगती लहान नव्हे.

परंतु इंदिरादेवींची उधळपट्टी सांगून त्यांना नावे ठेवावयाची आणि लेख संपवावयाचा, हा आमचा हेतू नाही. ते सोपे आहे. आणि सोपे असल्यामुळेच पुष्कळांनी ते केले आहे. आम्ही वाचकांस त्या शंभर जोडांच्या पलीकडे पाहावयास सांगतो. १९२२ साली जितेंद्रनारायण वारले. थोरला मुलगा अज्ञान होता. तेव्हा तीस वर्षांच्या या विधवेने कूचबिहारचा राज्यकारभार हाती घेतला आणि मुलगा वयात येऊन १९३६ साली त्यास अधिकार मिळेपर्यंत, सुमारे चौदा वर्षे, चालविला. म्हणजे जिला जग केवळ पोशाखासाठी ओळखीत होते, ती राज्य चालविण्यास योग्य ठरली. योग्य ठरली, पण कोणत्या नात्याने? मुलाची पालक या नात्याने. माहेरच्या बडोद्याच्या गादीवर तिचा हक्क नव्हता; १९३९ साली सयाजीराव निवर्तल्यावर ती नातवाकडे गेली. सासरच्या गादीवरही तिचा हक्क नव्हता. ती पतीकडून मुलाकडे गेली. मधल्या काळात ती सांभाळण्यापुरती बाई चालली. पालक म्हणून बाई चालते, मालक म्हणून चालत नाही, हा नियम राजवाड्यालाही चुकला नाही. मग जिला जमिनीचा, खजिन्याचा, गादीचा निर्णय स्वतःच्या हक्काने करता येत नाही, तिने आपली सारी बुद्धी व हौस साडीच्या पोतात आणि जोड्याच्या टाचेत ओतली, तर दोष एकट्या तिचा कसा? जेवढे अंगण दिले, तेवढ्यातच ती नाचली.

आता बडोदा दूर वाटत असेल, तर आमच्या वाडवडिलांच्या काळाकडे या. १९४८ च्या सप्टेंबरपर्यंत परभणी जिल्हा निजामाच्या राज्यात होता. निजाम मीर उस्मान अली खान यांचे चित्र १९३७ साली अमेरिकेच्या ‘टाइम’ साप्ताहिकाने जगातील सर्वांत श्रीमंत पुरुष म्हणून मुखपृष्ठावर छापले. त्या श्रीमंतीत गोदाकाठच्या शेतकऱ्याने भरलेल्या शेतसाऱ्याचाही वाटा होता, हे मात्र चित्राखाली कोणी लिहिले नाही. या निजामाच्या धाकट्या राजपुत्राशी १९३१ साली फ्रान्समधील नीस शहरी विवाह होऊन तुर्की सुलतानांच्या घराण्यातील निलोफर हैदराबादेस आली. साम्राज्य बुडालेले, घराणे देशोधडीला लागलेले; तिच्याबरोबर रक्त बादशाही आले, पेटी मात्र रिकामी. हैदराबादेत तिच्या सौंदर्याची व साड्यांची ख्याती पसरली. मुंबईच्या कारागिराकडून काढविलेल्या तिच्या भरतकामाच्या साड्या पुढे न्यूयॉर्कच्या वस्त्रसंग्रहालयात जाऊन बसल्या. १९५२ साली तो संसार मोडला आणि आयुष्याची अखेर तिने १९८९ साली पॅरिसमध्ये पाहिली.

पण याच निलोफरची एक दासी बाळंतपणात उपचारांवाचून दगावली, तेव्हा अशी पाळी दुसऱ्या कोणा बाईवर येऊ नये म्हणून तिने ध्यास घेतला. आणि १९५३ साली हैदराबादेत बायकामुलांसाठी जे रुग्णालय सुरू झाले, त्याला तिचे नाव मिळाले. साड्या काचेच्या कपाटात आहेत. रुग्णालयात आजही लेकरे जन्माला येतात. यावरून आमचे म्हणणे एवढेच, की जिला आपण नटवी म्हणून हसतो, तिच्या हाती काही करण्याचे सामर्थ्य आले की ती काय करील याचा अंदाज तिच्या पोशाखावरून बांधू नये.

राजकन्यांची गोष्ट येथे संपली. आता आमची स्वतःची सुरू होते. आमच्या घरांत हिरे जडविलेले जोडे नाहीत, पण नियम तोच आहे. बाप वारतो. तेरावा होतो. तलाठ्याकडे वारसनोंदीचा अर्ज जातो. लेकींची नावे कायद्याने लावावी लागतात म्हणून लागतात; आणि मग एके दिवशी बहिणींना निरोप येतो, ‘कचेरीत येऊन जा, सही लागते.’ आम्ही वकिलीच्या दिवसांत एका दुय्यम निबंधकाच्या कचेरीबाहेर पाहिलेला देखावा अजून डोळ्यांपुढून हलत नाही. बाकावर पन्नाशीची एक बाई बसली होती. अंगावर कोरी साडी; घडीच्या रेघाही मोडलेल्या नव्हत्या. भावाने सकाळीच घेतलेली. आत हक्कसोडपत्राचा कागद तयार होता. त्यात लिहिले होते, की ती आपला हिस्सा ‘राजीखुशीने, कोणत्याही दडपणाशिवाय’ सोडीत आहे. तिने बोटांना शाई लावून घेतली, अंगठा उमटविला आणि शाईचे बोट नव्या साडीला लागू नये म्हणून हात दूर धरून ती बाहेर आली. जाताना तिने भावाच्या मुलाच्या हातावर दहा रुपये ठेवले. चार एकर काळी जमीन एका साडीत गेली, आणि आहेर केला तो तिनेच!

आमच्या भाषेत यास फार बोलका शब्द आहे. साडीचोळी करून लेकीची बोळवण करणे. बोळवण म्हणजे निरोप. आणि बोळवण म्हणजे थोडक्यावर वाटेला लावणेही. हे दोन अर्थ एका शब्दात सहज आलेले नाहीत. महाराणीचे शिफॉन काय आणि या बाईची कोरी साडी काय, दोन्ही ठिकाणी वाट्याच्या जागी वस्त्र दिले गेले. कापडाची किंमत निराळी, व्यवहार एकच.

कोणी म्हणेल, आमचे शास्त्रच असे आहे. ज्या मिताक्षरेच्या नावाने लेकीला नाकारले जाते, ती विज्ञानेश्वराने चालुक्यांच्या कल्याणीत, म्हणजे आजच्या बसवकल्याणात, लिहिली; हे गाव आमच्याच जुन्या हैदराबाद राज्यातले. त्या विज्ञानेश्वराने स्त्रीधनाची व्याख्या करताना वारसाने, खरेदीने, वाटणीने स्त्रीकडे आलेली मालमत्ताही स्त्रीधनातच धरली होती. ती संकुचित केली ती पुढे लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलातील न्यायाधीशांनी. तेव्हा शास्त्राच्या आड लपणाऱ्यांनी आपण विज्ञानेश्वराचे अनुयायी आहोत की प्रिव्ही कौन्सिलचे, हे आधी ठरवावे. मुसलमान बांधवांच्या शरीयतीत तर मुलीचा हिस्सा, मुलाच्या निम्मा का होईना, नेमून दिलेला आहे. परंतु तेथेही तो प्रत्यक्ष पदरात पडतो की चालीरीतीत विरतो, हे त्यांनी आपल्या मनास विचारावे.

येथे इतिहासाने एक विलक्षण गाठ मारून ठेवली आहे. ज्या १९१३ साली बडोद्याची लेक आईबापांवाचून लंडनमध्ये बोहल्यावर चढली, त्याच साली बडोद्याच्या खजिन्यातून शिष्यवृत्ती घेऊन एक तरुण अमेरिकेस शिकावयास गेला. त्याचे नाव भीमराव आंबेडकर. पुढे स्वतंत्र भारताचे कायदेमंत्री या नात्याने त्यांनी हिंदू संहितेचे विधेयक चालविले आणि त्यात मुलीस मुलाच्या बरोबरीने वाटा मागितला. विरोध एवढा झाला, की विधेयक रखडले आणि १९५१ च्या सप्टेंबरात त्यांनी मंत्रिपदाचा राजीनामा दिला. सयाजीरावांना जो हक्क आपल्या लेकीस देता आला नाही, तो देशातील सर्व लेकींस मिळावा म्हणून त्यांच्याच शिष्यवृत्तीवर शिकलेल्या पुरुषाने सत्तेवर पाणी सोडले!

त्यानंतरचा कायद्याचा प्रवास व्यापाऱ्यांनी खतावणीतील नोंदीप्रमाणे ध्यानात ठेवावा. १९५६ च्या हिंदू वारसा कायद्याने स्त्रीच्या ताब्यातील मालमत्तेवर तिची पूर्ण मालकी मान्य केली. पण वडिलोपार्जित एकत्र मालमत्तेत जन्मतः हक्क मुलाचाच ठेवला. महाराष्ट्राने २२ जून १९९४ पासून तो हक्क मुलीसही दिला, मात्र त्या दिवसापूर्वी लग्न झालेल्या लेकी वगळल्या. ९ सप्टेंबर २००५ पासून साऱ्या देशात मुलगी, विवाहित असो वा अविवाहित, मुलासारखीच जन्मतः सहदायाद झाली. आणि ११ ऑगस्ट २०२० रोजी सर्वोच्च न्यायालयाने विनीता शर्मा यांच्या दाव्यात निर्णय दिला, की २००५ साली बाप हयात होता की नव्हता यावर हा हक्क अवलंबून नाही. तो जन्माने आहे. म्हणजे कायद्याने आपले काम केले. आता उरले ते आमचे.

आक्षेप आम्हांस ठाऊक आहेत. बारमध्ये आणि बाजारात ते आम्ही नित्य ऐकतो. पहिला आक्षेप: लग्नात खर्च केला, हुंडा दिला, तोच तिचा वाटा. हुंडा देणे व घेणे १९६१ पासून गुन्हा आहे, ही गोष्ट सोडून देऊ. पण जो पैसा सासऱ्याच्या हाती गेला, तो मुलीचा वाटा कसा? एका आसामीचे देणे दुसऱ्याच्या खात्यावर भरून पावती मागणारा व्यापारी आम्ही अजून पाहिला नाही. दुसरा आक्षेप: जमिनीचे तुकडे होतील. चार भाऊ असतील तर चार तुकडे होतात, तेव्हा ही चिंता कोठे असते? भाऊ जसा भावाच्या हिश्शाची रक्कम देऊन जमीन राखतो, तशी बहिणीच्या हिश्शाची देता येते. तिसरा आक्षेप: जावई दारात येऊन बसेल. जावयाची भीती वाटत असेल तर नाव जावयाचे लावू नका, लेकीचे लावा. तिला व्यवहार शिकवा, तिच्या सहीवाचून कागद हलू नये अशी तजवीज करा.

चौथा आक्षेप मात्र हसण्यावारी नेता येत नाही. वाटा मागितला की माहेर तुटते, असे बायकाच सांगतात. संकटात पाठ टेकावयास भावाची भिंत हवी, म्हणून त्या अंगठा उमटवितात. हे भय खरे आहे, आणि आम्ही वकील दावा जिंकून देऊ शकतो, भाऊबीज परत मिळवून देऊ शकत नाही. म्हणूनच आमचे सांगणे बहिणींस नाही. भावांस आणि बापांस आहे. मागितल्यावर दिले तर भांडण. न मागता दिले तर माहेर. बापाने हयातीत मृत्युपत्र करावे, वाटणीपत्रात लेकीचे नाव लिहावे, म्हणजे बहिणीला तोंड उघडावे लागत नाही आणि भावाला वाईट व्हावे लागत नाही.

हे केवळ न्यायाचे बोलणे नव्हे, पोटाचेही आहे. या जिल्ह्यात ज्या घरचा कर्ता कर्जापायी गळफास घेतो, तेथे मागे राहिलेल्या बाईची काय दशा होते हे डोळसास सांगावयास नको. पीककर्ज, पीकविमा, अतिवृष्टीचे अनुदान, सर्वांस पहिला प्रश्न: सातबाऱ्यावर नाव कोणाचे? सासरी नाव लागलेले नाही, माहेरचे सोडून दिलेले. पेरणी, वेचणी, खुरपणी तिची. कागद मात्र दिराचा. तिच्या कपाटात लग्नातल्या साड्या आहेत. त्या तारण ठेवून कोणती बँक बियाणे देईल?

हे बदलता येत नाही असेही नाही. शरद जोशी यांच्या शेतकरी संघटनेने गेल्या शतकाच्या अखेरीस लक्ष्मीमुक्तीची मोहीम काढली. ज्या गावातील शंभर शेतकरी आपल्या जमिनीचा हिस्सा घरच्या लक्ष्मीच्या नावे करतील, ते गाव लक्ष्मीमुक्त मानावयाचे. न्यायालयाचा हुकूम नव्हता, दंड नव्हता. तरी गावोगावच्या राकट शेतकऱ्यांनी तलाठ्याकडे जाऊन बायकोचे नाव लावले. जे त्यांनी पत्नीसाठी केले, ते लेकीसाठी करण्यास परभणीच्या सुशिक्षित व्यापाऱ्यास लाज कसली?

याच जिल्ह्यातील गंगाखेडची जनाबाई. बापाच्या घरून तिच्या वाट्यास काही आले नाही. नामदेवांच्या घरी दळणकांडण करीत तिने आयुष्य काढले आणि जे मागे ठेवले त्याचा वारसा सारा महाराष्ट्र सांगतो. आम्ही तिच्या नावाने उत्सव करतो. उत्सव अवश्य करावा. पण जनाबाईच्या जिल्ह्यात लेकीला रिकाम्या हाताने दारातून काढण्याची चाल तशीच राहावी, हे त्या उत्सवास शोभत नाही.

लग्नसराई तोंडावर येईल. कापडाची दुकाने गजबजतील. आमचे व्यापारी बंधू खुशाल उत्तम शालू विकोत, आणि बाप लेकीसाठी ऐपतीप्रमाणे ते घेवोत. आम्ही आनंदाने अक्षता टाकावयास येऊ. मात्र शालूची घडी उलगडण्यापूर्वी प्रत्येक बापाने एकदा स्वतःच्या सातबाऱ्याचा आणि दुकानाच्या भागीदारीपत्राचा कागद उलगडून पाहावा, आणि त्यात लेकीचे नाव आहे की नाही ते वाचावे. नसेल तर त्याने आपल्या लेकीस नटविले आहे, दिले काहीच नाही.